मापटंभर रविवार

सूर्यास्त बंगला, तुंगार्ली, लोणावळा
रविवार, १२ ऑक्टोबर २०२५

तीर्थस्वरूप रतनअक्का हीस,
धाकट्या बजरंगचा शिरसाष्टांग नमस्कार.

इकडे आम्ही सगळे खुशाल आहोत. तूही खुशाल असशील असं धरून चालतो, कारण काही बिनसलं असतं तर ते सांगायला तरी तू फोन उचलला असतास. गेल्या चार वर्षांत माझा आवाज ऐकला की तू "राँग नंबर" म्हणून ठेवतेस. एकदा तर "रतनबाई गावाला गेल्यात" असं तू स्वतःच्याच आवाजात मला सांगितलंस. म्हणून हे पत्र. दहावी नापास झाल्यापासून मी पत्र लिहिलेलं नाही, तेव्हा अक्षराला हसू नकोस. हे गुलजारच्या हाती देतोय, तुमच्या गावची एसटी चालवतो तोच गुलजार. थांब्यावर तुझ्या हातात द्यायचं त्याने कबूल केलंय. फाडलंस तर तुकडे परत आणणार नाही, असंही तो म्हणाला.

आधी बातम्या. सविताचा गुडघा तसाच आहे, पण जीभ चांगली चालते. आपली लेक स्नेहल इंदुरीत सासरी सुखात आहे. तिचा मुलगा दीड वर्षाचा झाला. घरामागे किल्ल्याची तटबंदी आहे, तिच्यावर चढायला बघतो. नाक तुझ्यासारखं आहे असं सगळे म्हणतात. मी काही म्हणत नाही.

माझी तब्येत बरी, फक्त एक विचित्र दुखणं लागलंय. गुरुवारी बंगला रिकामा असतो, आठवड्यातली माझी तेवढीच एक दुपार. दोनला आडवा होतो, डोळा मिटतो न मिटतो तोच तीन वाजलेले. मधला तास कुठे जातो कळत नाही. सविता म्हणते, "घोरत होतात की." मी म्हणतो घोरत असेन, पण ती झोप माझ्या अंगी लागलेली नाही. डॉक्टरने रक्त तपासलं, लघवी तपासली आणि शेवटी "वय" असं लिहून दिलं. त्याच्यावर गोळी नाही म्हणे.

आता मूळ मुद्द्यावर येतो. म्हणजे येणारच आहे, पण त्याआधी पाहुण्यांचं सांगतो.

तुला ठाऊक आहे, हा बंगला शनिवार-रविवार भाड्याने जातो. नाव सूर्यास्त, पण इथून सूर्यास्त दिसत नाही, समोर शेजाऱ्याची पाण्याची टाकी आहे. मी इथला रखवालदार, व्यवस्थापक, पंप चालू करणारा आणि माकडं हाकलणारा. पाहुणे शनिवारी दुपारी येतात आणि रविवारी अकराला त्यांनी निघायचं असतं. साडेअकराला पुढचे येतात. आता शनिवारभर नाचलेली माणसं रविवारी अकराला निघतात का? साडेदहाला कुठे पहिली हालचाल होते. मग एकाचा चार्जर सापडत नाही, एकीची चप्पल माकडाने कौलावर नेलेली असते, आणि कुणीतरी नेमकं तेव्हाच आंघोळीला जातं.

सहा वर्षांपूर्वी असंच ठाण्याचं एक कुटुंब होतं. अकराला पंधरा मिनिटं कमी. त्यांची आजी न्हाणीघरात, आतून कडी, आणि आत जोरजोरात भजन. फाटकाबाहेर पुढची पार्टी येऊन उभी, त्यांच्यातल्या एकाने हवा भरलेलं बदक कमरेत घालून घेतलेलं. शेठचा फोन चालूच. म्हणाले, आज पुन्हा भांडण झालं तर दुसरा माणूस बघतो. तेव्हा मला आईचं मापटं आठवलं.

हो, अक्का. तेच.

आई गेल्यावर तिची पितळी मापं वाटून घेतली. शेर आणि चिपटं तू नेलंस, मापटं मी मागून घेतलं. आठवण म्हणून हवं असं सांगितलं होतं. खरं म्हणजे तेव्हाच माझ्या मनात होतं की कधीतरी उपयोगी पडेल. आईची ती विद्या तुला माझ्यापेक्षा जास्त येते, तरी मला येते तेवढी लिहितो, म्हणजे मला किती कमी येत होती ते तुला कळेल. चिपट्यात पाव तास मावतो, मापट्यात अर्धा, शेरात एक. पायलीला हात लावायचा नाही. म्हणून आईने पायली कायम पालथी घातलेली असायची आणि तिच्यावर बसून ती भाकरी थापायची. माप तांदळाने भरायचं, बोटाने कड सपाट करायची, आणि ज्या घरात वेळ हवा त्या घरात, उंबऱ्याच्या आत, मोजत ओतायचं. आतल्यांना तेवढा वेळ जास्तीचा मिळतो, बाहेर जगाला पत्ता नसतो. पाहुणे ओट्यावर आणि भात अजून चुलीवर, असं झालं की आई आत जायची. पाहुण्यांनी चपला काढून पाय धुवेपर्यंत भात शिजलेला असायचा.

वेळ काही आभाळातून पडत नाही, तो कुणाच्या तरी घरातून जातो, असं आई म्हणायची. ती तो स्वतःचाच घालायची. म्हणून आई दुपारी कधी झोपलेली दिसली नाही. हे मला आता कळतंय, सत्तावन्नाव्या वर्षी. तेव्हा वाटायचं, तिला झोपच येत नसेल.

तर त्या दिवशी मी कोठीत गेलो, मापटंभर तांदूळ घेतला, हॉलच्या उंबऱ्याच्या आत ओतला आणि मोजला. आजी भजन पुरं करून, केस वाळवून, पावडर लावून बाहेर आली, सगळ्या बॅगा गाडीत गेल्या, चप्पलसुद्धा सापडली, आणि बाहेर बरोबर अकरा. भिंतीवरचं घड्याळ मात्र साडेअकरा दाखवत होतं. ते मी स्टुलावर चढून मागे केलं. मोबाइल आपोआप सरळ होतात.

तेव्हापासून दर रविवारी साडेदहाला एक मापटं. पाहुणे खूश. शेठने मला मोबाइलवर दाखवलं, लोक लिहून जातात की इथला रविवार इतर ठिकाणांपेक्षा मोठा वाटतो. शेठ म्हणतात हा डोंगरातल्या हवेचा गुण. त्यांनी जाहिरातीतही तसं घातलं. मीही मान डोलावली.

आता तू विचारशील, बजा, मोजताना काय म्हणालास?

एक म्हणालो.

घरात धान्य मोजायचं काम तुझं आणि आईचं होतं. मी सतराव्या वर्षी लोणावळ्याला आलो, तेव्हापासून बंगल्यावर सगळं एकपासून मोजतो. टॉवेल एक, टॉवेल दोन. उशी एक, उशी दोन. चमचे पाहुण्यांच्या आधी मोजायचे आणि नंतर मोजायचे. पहिल्या मापाला एक न म्हणता "लाभ" म्हणायचं आणि मग दोन, तीन, हे मला माहीत होतं. वाण्याकडेही म्हणतात. मला वाटलं, जुन्या लोकांची ती एक बोलायची पद्धत आहे.

गेल्या महिन्यात गुलजार इकडे आला होता. त्याच्या बहिणीची मुलगी वलवणला दिलीय. चहा पिताना तुझा विषय निघाला. तो म्हणाला, "भाऊ, तुमच्या अक्काचं मला कोडंच हाय. सोमवार ते शनवार मी यायच्या आदी थांब्यावर उब्या. रैवारी मातर मी अकराला गाडी काढली की अर्ध्या कोसावरनं अंड्यांची पाटी घेऊन पळत येतेत. सा वर्सं झाली. आमी त्याला रतनबाईचा रैवार म्हनतो." आणि हसला. मीही हसलो. मग चहा खाली ठेवला.

सहा वर्षं. रविवार. साडेदहा ते अकरा.

मला धक्काच बसला, अक्का. आईचं बोलणं एकदम आठवलं. "लाभ म्हनलं की माप आपल्याच घरचं घेतं. न्हाई म्हनलं, तर जोडीच्या मापाच्या घरात हात घालतं." मापट्याची जोडीची मापं तुझ्या घरी, फळीवर. मी इथे ठाण्याच्या आजीला भजनाला वेळ देत होतो आणि तो तुझ्या घरातून जात होता. तू अंडी पाटीत लावायला बसायचीस साडेदहाला आणि उठायचीस अकराला, आणि मधे काहीच घडलेलं नसायचं. तळेगावचा बाजार बुडायचा. दाजी गेल्यापासून तू एकटीच, तेव्हा घड्याळ बघून "उठ, गाडी आली" म्हणणारंही कुणी नाही. गावाने तुझ्या आळसाची गोष्ट केली आणि तू सत्तरीला टेकलेली असून पळत राहिलीस. (सहासष्टच आहेत, माहीत आहे. रागावू नकोस.)

इथवर लिहून मी उठलो, पंप बंद केला, दोन माकडं हाकलली आणि परत आलो. आता स्नेहलच्या लग्नाचं लिहायला हवं. ते टाळावं म्हणूनच वर माकडं आणि बदकं आली, हे तुला कळलंच असेल.

सोमाटण्याचं कार्यालय, मुहूर्त बारा पस्तीसचा. साडेनऊला सविता रडत बाहेर आली. ती पार्लरवाली पोरगी, तिने स्नेहलचे केस असे काही बांधले होते की त्यात कावळीने अंडी घालावीत. ते सोडायचे, पुन्हा धुवायचे, पुन्हा बांधायचे, त्यात सत्तावीस पिना. पोरगी म्हणाली, केसांनाच एक वाजेल, साडी-दागिने त्यापुढे. मुहूर्त चुकला असता, व्याही रुसले असते. मी पिशवीतून मापटं काढलं (हो, लग्नाला नेलं होतं), अक्षतांच्या परातीतला तांदूळ भरला आणि नवरीच्या खोलीत ओतला. एक, दोन, तीन. दीड तास. बारा वीसला स्नेहल अशी बाहेर आली की व्याहीसुद्धा उभे राहिले.

तू आलीस तीनला. दुधाच्या टेम्पोतून. कार्यालयवाले खुर्च्या एकात एक घालत होते. तुझ्या डोक्यावर रुखवताची पाटी, दोन महिने खपून केलेलं सगळं. काडेपेट्यांचं घर, सुपारीचे भटजी, करंज्या. एका भटजीचं उपरणं निसटून पडलं होतं. तू म्हणालीस, "बजा, मी नऊलाच तयार व्हते रं. साडेनऊला चपला घालायला वट्यावर बसले, वर बगितलं तर अकरा. मदलं कुटं गेलं कळंना."

आणि मी व्याह्यांसमोर, सगळ्यांसमोर म्हणालो, "इतक्या उशिरा यायचं होतं तर माझ्या बाराव्यालाच यायचं होतंस."

तू पाटी खाली ठेवलीस. सुपारीच्या भटजीचं उपरणं उचलून त्याच्या खांद्यावर नीट ठेवलंस आणि निघालीस.

वर मी लिहिलं की गुलजारने सांगितलं तेव्हा धक्का बसला. ते खोटं आहे. खोडणार होतो, पण राहू दे, माझा स्वभाव तुला दिसेल. मला त्या दिवशीच कळलं होतं. "मदलं कुटं गेलं कळंना" हे तू म्हणालीस ना, तेव्हाच आईचं बोलणं माझ्या कानात वाजलं. मापटं माझ्या पिशवीत होतं, तळाशी अक्षतांचे दाणे होते. तुला बाजूला घेऊन सांगायला मला दोन मिनिटं लागली असती. पण व्याही बघत होते, आणि ओरडणं सोपं होतं. मला लाज वाटली आणि मी ती तुझ्यावर काढली.

त्याहून वाईट पुढे आहे. पुढच्या रविवारी मी शहाण्यासारखा "लाभ" म्हणालो. मोठ्याने, हात जोडून. त्या दिवशी सविताने मटण केलं होतं. पानावर बसलो, पहिला घास उचलला, आणि बघतो तर ताट रिकामं, हात धुतलेला, दातात एक तंतू. मटणाची चव म्हणशील तर नाही. आपलाच वेळ घातला की माप तो पुढे कधीतरी काढून घेतं; अर्धा तास गेला तो माझा गेला. सविता विचारते, "कसं झालं होतं?" काय सांगणार? नवऱ्याने अशा वेळी जे सांगायचं ते सांगितलं. त्याच्या पुढच्या रविवारी पुन्हा "एक" म्हणालो.

अक्का, एका मटणापायी. माझा एक अर्धा तास गेला तर मला सोसला नाही, आणि तुझा दर रविवारी जातोय हे माहीत असून मी चार वर्षं एकपासून मोजत राहिलो. स्वतःला सांगत होतो की अक्का तरी त्या वेळात काय मोठं करते. गुलजारने तू पळत येतेस ते सांगितलं तेव्हा ते सांगणंही बंद झालं. पाटी घेऊन पळणारी तू मला दिसायला लागलीस.

गेले चार रविवार मापट्याला हात लावलेला नाही. त्याचा परिणाम म्हणजे दोन भांडणं झाली, एक पार्टी पोहण्याच्या तलावातून बाहेरच येईना, आणि कुणीतरी लिहून गेलं की या बंगल्याची हवा पूर्वीसारखी राहिली नाही. शेठ विचारतात, झाडं कमी झाली का? मी म्हटलं, मोजून सांगतो.

सहा वर्षांचे मिळून साडेसहा दिवस होतात. मला ते तुला परत द्यायचे आहेत. पण नियम असा की ओतायचं ते तुझ्या उंबऱ्याच्या आतच ओतलं पाहिजे. फाटकाबाहेरून, गुलजारच्या हाती किंवा पोस्टाने येत नाही. म्हणजे तू मला घरात घेतलंस तरच होईल. नाही घेतलंस तर माझं मापटं आणि माझी अक्कल दोन्ही फुकट.

भाऊबीज येत्या २३ तारखेला आहे, गुरुवारी. चार भाऊबिजा मी पोहे खाऊन घरी बसून काढल्या. ही काढवणार नाही. मी मापटं घेऊन येतो. घेताना मी सपाट घेतलं होतं, देताना शीग घालून देईन आणि सगळं माझ्या घरचं देईन. मटण असलं तरी. दार उघडलं नाहीस तर ओट्यावर बसेन. गाव विचारील तर सांगेन की उशीर अक्काला कधीच झाला नव्हता, तो मी केला होता. ते तर तू दार उघडलंस तरी सांगणार आहे.

गुलजारजवळ होय की नाही एवढंच सांग. नाही म्हणालीस तरी येणार आहे, पण मग शिदोरी बांधून आणावी लागेल.

तुझ्या रविवारांवर जगलेला, तुझ्या पायांशी जागा मागणारा,
बजा


कोंडवाडी, आंदर मावळ
बेस्तरवार

चिरंजीव बजास अक्काचा आशीर्वाद.

तुजं पत्र पोचलं. फाडलं न्हाई. गुलजार मी कवा फाडते ते बगत उबा ऱ्हायला आन गाडी पाच मिनटं लेट केली त्यानं. समदी मानसं खिडकीतनं वाकून बगत व्हती.

वाचाया तीन दिस लागलं. मी चौथी शिकल्याली, आन तू लांबड लय लावतूस. माकडाचं दोनदा वाचलं.

मला काय शिकवतूस मापाचं. आईची शिकल्याली पोर मी. पयल्या म्हैन्यातच वळकलं का बजा मापटं वततुया आन लाभ म्हनत न्हाई. म्हनलं ल्हान हाय, लोकाच्या बंगल्यावर राबतुया, नेऊ दे अर्धा तास. अंडी काय, सोमवारी बी खपत्यात.

लग्नाच्या दिशी बी वळकलं व्हतं. वट्यावर, चपला घालतानाच. तुला खोटं बोलले मी, कळंना म्हनून. कळलं व्हतं समदं. म्हनलं पोरीला काय तरी नड आली आसंल, आपला येळ तिच्या लग्नाला लागला, ब्येस झालं. दुदाच्या क्यानांच्या मदी बसून आले ती ह्याच आनंदात आले. तू जवळ येऊन "अक्का, मी नेला गं" येवडं म्हनशील म्हून उबी ऱ्हायले. तू बाराव्याचं बोल्लास. मला लय लागलं, बजा. येळ नेल्याचं काय न्हाई. त्या बोलन्याचं आजून दुकतंय.

आता तुज्या दुकन्याचं. डाक्टरला पैकं घालू नगंस. बेस्तरवारी दुपारी दोनला मी शेर भरून माज्या घरात वतते. मी बी लाभ म्हनत न्हाई. एक म्हनते, तुज्यासारकंच. स्नेहलच्या लग्नातनं आल्यापासनं. तू अर्धा तास नेतूस, मी एक घेते, थोरली हाय मी. त्यात निजते. झोप लय चांगली हाय तुजी, मदी जागच येत न्हाई. आईनं वरनं बगितलं आसंल तर दोगांची बी कानं पिळावी वाटली आस्तील तिला.

तवा साडेसा दिस बिस काय मोजत बसू नगंस. तुजं माजं फिटलं. उलटं तुजंच थोडं माज्याकडं निगंल, ते मी द्येनार न्हाई.

लग्नाचं दीड तास मातर फिटलं न्हाई. ते मी शेरानं घेतलं न्हाईत. ते झोपून भरायचं न्हाईत.

भाऊबीजेला ये. बेस्तरवार हाय तरी त्या दिशी तुज्या येळाला हात लावनार न्हाई. मापटं आन. उंबऱ्याच्या आत बस आन तीन मापटी वत, शीग घालून. पयल्याला लाभ म्हन, मोट्यानं म्हन, शेजारनीला ऐकू गेलं पायजे. मग त्या दीड तासात मला स्नेहलचं लग्न सांग. हळदीपासनं. कोन आलं, कोन रुसलं, केसाचं काय झालं, बाहेर आली तवा कशी दिसली. मंगलाष्टकं म्हनून दाखव, आवाज फुटका आसला तरी चालंल. त्या दिशी घरनं निगताना मी पदराला अक्षता बांदल्या व्हत्या. त्या टाकायच्या ऱ्हायल्यात. डब्यात ठिवल्यात, किडा लागू दिला न्हाई. तू सावधान म्हनलास का टाकीन.

शिदोरी आनू नगंस. मटान करते, चव लागंल.

पावणेअकराची गाडी येती तीच धर. आन बजा, उशीर करू नगंस.

तुजी अक्का